मल्लिनाथअण्णांची पेढीफेरी

सोलापुरात स्टेशनचा रस्ता कुणालाही विचारावा, फक्त मल्लिनाथअण्णांना विचारू नये. विचारणाऱ्याची गाडी चुकते. हे मी ऐकीव सांगत नाही. माझा सख्खा भाऊ पुण्याहून आला होता. परतीच्या दिवशी कोपऱ्यावर अण्णांना "टांगा कुठं मिळेल?" एवढंच विचारून बसला. अण्णांनी त्याची बॅग काढून घेतली आणि म्हणाले, "मिळतो की. चला, वाटेवरच हाय." भाऊ संध्याकाळी घामानं निथळत माझ्याच दारात परत. गाडी दुपारी गेलेली. पण गडी खूश. "ताई, त्या बुटक्या दाराचा किस्सा तुला माहीत आहे का?" म्हणून मलाच विचारायला लागला.

माहीत नसायला काय झालं? भवानी पेठेत माझी खोली अण्णांच्या घराला लागून होती. मी शाळेत मास्तरीण, शिकवायला इतिहास, आणि भिंतीपलीकडे हा माणूस. इतिहास मला पगारापुरता पुरेसा होता, पण अण्णा तो फुकट वाढायचे, आणि नको म्हटलं तरी वाढायचे.

अण्णांची सगळी नोकरी सुताच्या एका पेढीवर गेली. पेढी म्हणजे बँका नव्हत्या तेव्हाची बँक. पांढरी गादी, लोड, त्यावर शेठ आणि समोर मांडी घालून दिवाणजी. ते दिवाणजी म्हणजे आमचे अण्णा. जुन्या बाजारात अशा पेढ्यांची एक अख्खी गल्ली होती. मी म्हणतेय त्या वेळी बँका नुकत्याच सरकारी झालेल्या, आणि गल्लीतल्या बहुतेक पेढ्या उठलेल्या. एकीत सायकलचं दुकान, एकीत पिठाची गिरणी, एकीत चादरींचे गठ्ठे. तिथं बघण्यासारखं काय आहे, असं तुमच्या मनात आलं असेल. मनातच ठेवा. अण्णांच्या कानावर गेलं तर तुमचा दिवस गेला.

अण्णा या प्रकाराला 'फेरी' म्हणायचे. धोतर, काळी टोपी, मे महिन्यातसुद्धा अंगात कोट, आणि हातात एक छत्री. छत्री उघडायची नाही, ती दाखवायला. फेरीची सुरुवात ठरलेली. गल्लीच्या तोंडाशी उभं राहायचं, घसा खाकरायचा आणि म्हणायचं, "बँकेला काच असती, पेढीला पायरी असती. काचेतनं माणूस दिसतो, पायरीवर माणूस कळतो." मग चालायला सुरुवात, आणि तेही इतकं हळू की मागून येणारे हमाल "व्हा की बाजूला, म्हातारबा" म्हणून पुढं निघून जायचे. दर दोन-चार दारांनंतर अण्णा एखाद्या पायरीवर बसकण मारायचे. "जरा टेका. ही गोष्ट उभ्यानं ऐकायची न्हाई."

बुटक्या दाराच्या पेढीवर ते सांगायचे, "शेठनं दार मुद्दाम बुटकं ठेवलं. पैसे मागायला येणारा आपोआप वाकतो. न वाकता आत आला त्याचं कपाळ फुटतं, त्याला हळद लावायची आणि परत पाठवायचं." पुढच्या पेढीचा शेठ भाव ठरवताना तोंडानं बोलायचा नाही. रुमालाखाली हात घालून समोरच्याची बोटं दाबायची, म्हणजे बाकीच्यांना भाव कळत नाही. "सवय एवढी की घरात ताक पाहिजे असलं तरी बायकोपुढं उपरण्याखालनं हात करायचा." हे सांगताना अण्णा स्वतः उपरणं नसताना कोटाच्या टोकाखाली हात घालून समोरच्याची बोटं दाबून दाखवायचे. माझ्या भावाची अजून दुखतात म्हणे.

यातलं खरं किती, हे विचारायची सोय नव्हती. एकदा मी पकडलं. "अण्णा, मागच्या खेपेला हा शेठ काशीला गेला होता. आज रामेश्वरला कसा?"

"परत गेला असंल की," अण्णा म्हणाले. "पैसेवाला माणूस. त्याला काय बंदी हाय?"

त्यांच्या तावडीतून कोणी सुटायचं नाही. विमा एजंट, पोस्टमन, गल्ली चुकलेली वरात. शेजारच्या तेलुगू आजीबाई वारल्या तेव्हा गावाहून भेटायला आलेल्या लोकांनासुद्धा अण्णांनी फिरवून आणलं. ती माणसं जाताना रडत होती आणि येताना हसत होती, आणि घरात पाय ठेवल्यावर पुन्हा रडायचं कसं, या पंचाईतीत पडली. मी कपाळाला हात लावला. अण्णा म्हणाले, "बाई, दुःखात माणसानं जरा चालावं."

हे सगळं हसण्यावारी नेता आलं असतं. पण अण्णांना एक मुलगी होती, सुमी. एकुलती एक. गोरीगोमटी, मॅट्रिक झालेली, शेंगाची चटणी अशी कुटायची की वास आला की मी ताट घेऊनच जायची. लहानपणी ताप आला आणि डावा पाय अशक्त राहिला. चालताना एका बाजूला कलायची, एवढंच. पण लग्नाच्या बाजारात 'एवढंच' म्हणजे किती, ते तुम्हाला माहीत आहे. सुमीला पंचविशी लागली आणि निलव्वाकाकूंची, म्हणजे अण्णांच्या बायकोची, झोप उडाली.

स्थळं यायची. पायाचं अण्णा आधीच सांगून टाकायचे, लपवाछपवी नाही. तरी पोहे खाऊन झाले की पाहुण्यांतलं कोणीतरी बशी बाजूला ठेवून म्हणायचंच, "मुलीला जरा चालून दाखवायला सांगा." आपल्याकडं ही रीतच आहे. बैल घेताना चालवून बघतात, तशी मुलगी. मला त्या वाक्याची चीड यायची. सुमी मान खाली घालून पदर सावरत उठायला लागायची आणि अण्णा तिला हातानं बसवायचे. म्हणायचे, "एकटीच कशाला? सगळेच चालू की. खोलीत काय चालणं ते? चला, आमची गल्ली बघा." आणि भर उन्हात सगळ्या वऱ्हाडाला फेरी. पाहुण्यांच्या चपला रस्त्याच्या डांबराला चिकटायच्या, मुलाचे काका पाणी पाणी करायचे, आणि आठवड्यानं नकार यायचा.

"ह्यांच्या फेरीनं माझ्या पोरीचं वाटोळं केलं," काकू मला म्हणायच्या. "आवरा हो बाई ह्यांना. तुमचं ऐकतील." नकार फेरीमुळं येत नव्हता, पायामुळं येत होता, हे काकूंनाही कळत होतं. पण पायाला बोल लावून काय उपयोग? फेरीला लावता येतो.

मग बार्शीचं स्थळ आलं. मुलगा श्रीशैल, बँकेत कॅशियर. "काचेमागचा," असं म्हणून अण्णांनी नाक मुरडलं. पण माणसं चांगली म्हणून कळलं होतं, आणि यापुढं असं स्थळ येईल याची खात्री कुणालाच नव्हती. काकूंनी अण्णांना देवापुढं उभं करून शब्द घेतला. गल्लीचं नाव काढायचं नाही. छत्री माझ्या खोलीत आणून ठेवली, आणि मला अण्णांच्या शेजारीच बसवलं, म्हणजे वेळ पडली तर चिमटा काढता यावा.

पाहुणे आले. मुलगा, त्याची आई आणि एक आत्या. पोहे झाले, चहा झाला. मी श्वास रोखून बसले होते, आता ते वाक्य येणार. आलंच नाही. मुलाची आई म्हणाली, "पोहे लई चांगले झाल्यात हो," आणि आणखी घेतले. काकूंनी माझ्याकडं बघितलं. त्यांच्या चेहऱ्यावर इतका आनंद मी कधी बघितला नव्हता. अण्णा मात्र अस्वस्थ. सगळी तयारी करून आलेल्या माणसाला कुणी काही विचारतच नव्हतं.

आणि तेवढ्यात तो मुलगा, देव त्याचं भलं करो, अण्णांकडं वळून म्हणाला, "तुम्ही पेढीवर होता ना? आमच्या बँकेतले जुने लोक हुंडी हुंडी म्हणतात. ती नेमकी चालायची कशी?"

मी चिमटा काढला. अगदी वळ उठेल असा काढला. अण्णांनी काकूंकडं बघितलं. काकूंनी डोळे मिटून घेतले. "हितं बसून न्हाई कळायचं," अण्णा म्हणाले, आणि उभे राहिले.

"आमीबी येतो की," मुलाची आई म्हणाली. "सुमी, चल गं."

काय ती फेरी. मी इतकी वर्षं बघत होते, पण असे अण्णा कधी बघितले नव्हते. आजवर ऐकणारे जांभया द्यायचे, घड्याळ बघायचे. हा मुलगा विचारत होता. कागदाचा एक तुकडा हितं लिहायचा आणि मुंबईत पैसे मिळायचे, हे कशावर? आणि मुंबईच्या शेठनं नाही म्हटलं तर? अण्णांचे डोळे चमकायला लागले. छत्री नव्हती म्हणून दोन्ही हातांनी दाखवत होते. "पत, बाळा, पत. अक्षर बघून पैसे द्यायची माणसं." बुटकं दार आलं, मुलगा वाकून आत बघून आला. रुमालवाला शेठ आला, मुलानं स्वतःचा रुमाल काढून दिला. मीसुद्धा वाहवले हो, माझ्याच्यानं राहवेना. दोघांचा वेग वाढत गेला आणि मी पदर खोचून त्यांच्या मागं. एकाही पायरीवर अण्णा टेकले नाहीत. गल्ली संपली, चौक आला, अण्णा शेवटचं वाक्य बोलायला वळले आणि थांबले.

"सुमी कुटाय?"

मागं कुणीच नव्हतं. अण्णांचा चेहरा उतरला. मुलाचाही. अण्णा जवळजवळ पळतच उलटे निघाले. धोतर पायांत येत होतं. "मी मागं बघितलंच न्हाई," असं दोन-तीनदा पुटपुटले. मला त्या वेळी वाटलं, संपलं. आज या माणसानं आपल्या हातानं संपवलं.

पिठाच्या गिरणीच्या पायरीवर सुमी बसली होती. एका बाजूला आत्या, दुसरीकडं मुलाची आई, चपला काढून गुडघे चोळत. आणि सुमी बोलत होती. आम्ही कोपऱ्याशी थबकलो.

"शेठ यात्रेला गेला की गादीवर त्याचा जोडा ठेवायचे," ती सांगत होती. "दलाल त्या जोड्याला नमस्कार करून व्यवहार करायचे. शेठ नाही, पण पत आहे ना."

ही गोष्ट अण्णांची. गावभर सांगितलेली. मुलाच्या आईनं विचारलं, "हे खरं गं?"

सुमी हसली. "कुठलं खरं? आधी अण्णा गोष्टीत छडी सांगायचे. मला दवाखान्यातनं जाड तळव्याचा जोडा दिला होता, मी तो घालत नव्हते. पोरं हसायची. मग अण्णांनी गोष्टीत छडीच्या जागी जोडा ठेवला. डॉक्टरांनी सांगितलं होतं, रोज चालवा, नाहीतर पाय जाईल. मी चालायची नाही, रडायची. म्हणून अण्णा म्हणायचे, पुढच्या पायरीपर्यंत चल, तिथं गोष्ट आहे. जिथं मी दमायची तिथं एक शेठ निघायचा." ती गल्लीकडं बघत म्हणाली, "या गल्लीत एवढे शेठ कधी नव्हतेच."

मी अण्णांकडं बघितलं नाही. बघवलं नाही. मास्तरीण असून इतकी वर्षं मी या माणसाच्या सनावळ्या तपासत बसले होते.

मुलगा पुढं गेला आणि खालच्या पायरीवर बसला. "आणि त्या बुटक्या दाराचं?" त्यानं सुमीला विचारलं. नुकतंच सगळं ऐकून आला होता तरी विचारलं. सुमी सांगायला लागली. तिच्या गोष्टीत कपाळ फुटणारा माणूस वेगळाच होता. अण्णांचं तोंड दुरुस्तीसाठी उघडलं, मी डोळे वटारले, आणि त्यांनी ते मिटलं. अण्णांनी तोंड मिटलेलं मी पहिल्यांदाच बघत होते.

गोष्ट संपल्यावर मुलाची आई उठत म्हणाली, "अण्णा, आता एवढं चालवलंत तर परत घरापर्यंतबी चला. पण पोरीला पुढं घाला. माझ्या गुडघ्याला तिचीच चाल बरी पडती." घरी येऊन त्यांनी लग्न ठरल्याची सुपारी मागितली. काकू स्वयंपाकघरात सुमीला मुलगा पसंत आहे का ते विचारायला गेल्या, तर ती म्हणाली, "एकच गोष्ट दोनदा ऐकतो, म्हणजे आपल्या घरात टिकेल." काकू हसत होत्या आणि पदरानं डोळे पुसत होत्या.

लग्न झालं. सुमी बार्शीला गेली.

त्यानंतर एका सकाळी मी शाळेला निघाले तर अण्णा दारातच उभे. "चला, शाळेपर्यंत सोडतो." वाट गल्लीतूनच. मी मनाची तयारी केली, आज उशीर होणार. पण गल्लीचं तोंड आलं, अण्णांनी घसा खाकरला नाही. बुटकं दार गेलं, सायकलचं दुकान गेलं, पिठाची गिरणी गेली. अण्णा गप्प.

माझ्याच्यानं राहवेना. "अण्णा, सांगा की काहीतरी."

"कुणाला सांगू?" अण्णा म्हणाले.

"मी आहे की."

"तुमी काय, बाई, चालताच की."

शाळेची घंटा ऐकू आली, मला घाई होती, पण अण्णा तसेच हळू चालत होते. मध्येच थांबून मागं वळून बघायचे आणि मग पुढचं पाऊल टाकायचे. मी त्यांच्या बरोबरीनं चालले आणि त्या दिवशी शाळेत उशिरा पोचले.