यानुश आजोबांचं एक वाक्य

यानुश आजोबांच्या हातून माझ्या नाटकाची वही खाली पडली. उचलण्याआधी त्यांनी ती बुटाने नीट तुडवली. एकदा नव्हे, दोनदा.

न्यूझीलंडमध्ये, पामर्स्टन नॉर्थला ते आमच्या कुंपणापलीकडे राहतात. पोलंडमध्ये रंगभूमीवर आणि सिनेमात नाव कमावलेले नट, म्हातारपणी मुलीमागोमाग इथे आले. आणि मी चळवळीची पत्रकं वाटत मोठी झालेली. ज्यांच्या पूर्वजांना अक्षराला शिवू दिलं नाही, त्यांच्या घरात कागदावर बूट?

"पडलेली वही तुडवली नाही तर नाटक पडतं," ते शांतपणे इंग्रजीत म्हणाले. "आमच्याकडे सगळे नट तुडवतात."

"ही शुद्ध अंधश्रद्धा आहे!"

"असेल. पण तुझं नाटक पडलं तर?"

मी त्यांना अंधश्रद्धा निर्मूलनाच्या दोन पुस्तिका दिल्या. दारातच एक हातातून निसटली. त्यांनी तीही तुडवली.

या माणसाने तरुणपणी, पोलंडमध्ये लष्करी राजवट असताना, निषेध म्हणून सरकारी टीव्हीवर काम करायचं नाकारलं होतं. मला त्यावर लेख लिहायचा होता. "त्या दिवसांबद्दल सांगा ना," म्हटलं, तर म्हणाले, "थिएटरातलं सूप फार पातळ असायचं." बंडावर एक अक्षर नाही, सुपावर अर्धा तास! इथल्या चित्रपटवाल्यांनी त्यांना त्यांच्या उच्चारांमुळे आधी रशियन हेर केलं, मग नुसतीच प्रेतं. "प्रेताला उच्चार नडत नाहीत," म्हणतात आणि स्वतःच हसतात.

तर नाटक. एप्रिलमध्ये जयंतीला कम्युनिटी हॉलमध्ये करायचं होतं, मराठीत. भाडेकरूच्या भूमिकेत आमचे बाबा, नागपूरहून सहा महिन्यांसाठी आलेले. आडनाव ऐकून घर नाकारणारा मालक यानुश आजोबा. मुका.

"मला एक वाक्य दे," ते रोज कुंपणावरून म्हणत.

"जुलमी माणसाला मी बोलायला जागा देणार नाही. हे तत्त्व आहे."

"डायरेक्टर मॅडम, मी बोललोच नाही तर लोक चिडतील कोणावर? तत्त्वावर?"

बाबाही त्यांच्याच बाजूचे. "देऊन टाक ना बेटा. म्हातारा माणूस आहे, किती दिवस मेल्यासारखा पडून राहील?"

शेवटी दिलं. दोनच शब्द: 'आडनाव काय?' त्या दिवसापासून आमचं जगणं मुश्किल झालं. कचऱ्याचा डबा बाहेर ठेवताना 'आडनाव काय?' गवत कापताना 'आडनाव काय?' पोस्टमनने तर एकदा घाबरून "सॉरी?" म्हटलं. इतक्या वर्षांनी त्यांना स्टेजवर बोलायचं होतं आणि त्याची किंमत सगळी गल्ली मोजत होती.

प्रयोगाला हॉल भरला. बाबा स्टेजवर आले, दारावर टकटक केली आणि गोठले. तोंड उघडं, शब्द नाही. विंगेत मी वहीची पानं उलटू लागले.

यानुश आजोबा सावकाश वळले. प्रेक्षकांकडे पाठ करून बाबांच्या जवळ गेले आणि काहीतरी पुटपुटले. बाबा तसेच. ते पुन्हा पुटपुटले. आणि बाबांचा आवाज खणखणला, "मी मेश्राम. घर भाड्यानं पाहिजे होतं."

आडनाव सांगून झालं होतं. आता विचारायचं काय? यानुश आजोबांनी बाबांकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि दार लावून घेतलं.

नंतर हॉलच्या किचनमध्ये ते कप विसळत होते.

"तुमच्या प्रश्नाचं उत्तर तुम्हीच बाबांना सांगितलंत? मराठीत?"

"पहिलं वाक्य सांगितलं, ते त्यांना उचलता आलं नाही. आपलं नाव माणूस विसरत नाही, म्हणून ते दिलं."

"पण बाबांची वाक्यं तुम्हाला येतात कशी?"

"सगळ्यांची येतात. तालमी फोनवर रेकॉर्ड केल्या होत्या."

"अहो, पण कशाला?"

ते कप पुसत राहिले. "मुलगी आता वेलिंग्टनला असते. संध्याकाळी जेवायला बसलो की एकेकाचं म्हणतो. तुझ्या नाटकात सात माणसं आहेत. टेबलाभोवती बरी वाटतात."

त्यांनी कप उपडा ठेवला.

"पुढच्या नाटकात अजून दोघं घालशील?"