आल्बमला यावं, सहकुटुंब

आमच्या औरादला लग्नाचं आमंत्रण फोनवर देऊन भागत नाही, घरी येऊन अक्षता द्याव्या लागतात, हे तुम्हा मुलांना ठाऊक आहे. पण फोनमधल्या फोटोंचं आमंत्रण घरी येऊन देणारा माणूस अख्ख्या तालुक्यात एकच आहे, आणि तो माझा शेजारी आहे.

परवा सकाळी साडेनऊला दार वाजलं. दारात मारुतीअण्णा आणि त्यांच्या पत्नी रुक्मिणवहिनी. अण्णांच्या डोक्यावर धुतलेली पांढरी टोपी, वहिनींच्या हातात कुंकवाचा करंडा आणि अक्षतांची वाटी. वहिनींनी मला कुंकू लावलं. अण्णांनी माझ्या हातावर अक्षता ठेवल्या, दोन दाणे माझ्या फोनवर टाकले आणि हात जोडले.

"म्हैस व्यालीय बाई. आल्बम केलोय. सहकुटुंब बघाया यावं लागतंय."

"अहो, लिंक मला काल रात्रीच आली."

"लिंक म्हंजे पत्रिका हो. पत्रिका आली म्हणून कुणी उठून जेवाया जातंय का? मान ज्याचा त्याला."

"भाकरी तव्यावर टाकून आलेय मी," वहिनी हळूच म्हणाल्या. "अजून चार घरं हायत. म्हशीपरीस मीच दमलेय."

हे सगळं मुळात माझ्यामुळं झालं. दर रविवारी मी तुमच्यासाठी आल्बम लावते: आधी वर्ष, मग महिना, मग विषय. तीस वर्षं शाळेत इंग्रजी शिकवलेल्या बाईचे फोटो रांगेतच उभे राहणार. एका रविवारी अण्णा ताक द्यायला आले आणि पाहतच राहिले.

"हितं टाकलं की तिकडं पोरास्नी दिसतंय?"

"लगेच."

"आन उद्या अजून टाकलं तर पुन्हा धाडायची गरज न्हाई? आपोआप वाढतंय?"

"आपोआप."

अण्णा खुर्चीवरून उठले. अंगणात दोन चकरा मारून आले, पुन्हा बसले, पुन्हा उठले. ताकाचा तांब्या तसाच हातात. शेवटी म्हणाले, "मग हे तर मांडवावानी झालं बाई. एकदा घातला की येणारं येत ऱ्हातंय."

तेव्हापासून त्यांच्या मांडवाला खंड नाही. तुरीची रास झाली, आल्बम. बांधावरची बोर लगडली, आल्बम. वहिनींनी चुलीजवळ बसून केलेल्या भाकरीचे सव्वीस फोटो आहेत, तिच्या टम्म फुगण्यापासून संपण्यापर्यंत. आल्बममध्ये जो येतो त्याच्या नावाचं पहिलं अक्षर वर रंगीत गोलात दिसतं. त्या गोलाला अण्णा टिकली म्हणतात. गल्लीत भेटले की आधी तब्येत विचारत नाहीत. "बाई, टिकल्या चौदा झाल्या. सोनार अजून येईना. उद्या पुन्यांदा जायलोय त्याच्याकडं."

आणि ते एकही फोटो पुसत नाहीत. हललेला, अंधारा, अर्ध्या म्हशीचा, सगळे असतात. मी एकदा निवडून द्यायला बसले, तर त्यांनी फोन छातीशी धरला. "लेकरू काळंबेंद्रं झालं म्हणून पंगतीतून उठवायचं का? मान ज्याचा त्याला."

त्यांचा एक आल्बम मात्र गावात कुणीच पाहिलेला नव्हता. मी पाहिला, तोही लावायला मदत केली म्हणून. नाव 'माहेर'. त्यात विहिरीच्या पायऱ्या, चिंच, आईचं जातं, भिंतीवरच्या आईच्या तसबिरीचा फोटो. त्याला पाहुणी एकच: चिटगुप्प्याला दिलेली थोरली बहीण, गोदाक्का. पहिला मान तिचा, ती आली की मग गावाला बोलवायचं, असं त्यांचं ठरलेलं. दर सोमवारी ते तिच्या नंबरावर लिंक पाठवायचे आणि दर मंगळवारी माझ्या पायरीवर येऊन बसायचे. "आक्काची टिकली लागली का, बघा की जरा."

लागलेली नसायची.

नऊ वर्षांपूर्वी अण्णांच्या मुलीचं लग्न ऐन सुगीत निघालं. गोदाक्का नवरीची आत्या, पण अण्णांना शेत सोडवेना. त्यांनी तिची पत्रिका चिटगुप्प्याला जाणाऱ्या एका ओळखीच्या माणसाजवळ दिली. आत्या लग्नाला आली नाही. निरोप तेवढा आला: "पत्रिकेला पाय फुटले, भावाला फुटले न्हाईत." तेव्हापासून दोघांचं जाणंयेणं बंद. लहानपणी ज्या बहिणीच्या कडेवर बसून हा माणूस शेताला जायचा, तिचं घर त्याने नऊ वर्षं पाहिलं नव्हतं.

म्हशीच्या आमंत्रणाच्या दिवशी अण्णांनी निघता निघता तोच प्रश्न विचारला. मी नाही म्हणून मान हलवली. त्यावर वहिनी, ज्या एरवी हळूच बोलतात, त्या मोठ्यानं बोलल्या.

"गावभर अक्षता वाटायलाव. सोनाराच्या दारात तीनदा गेलाव. आन जिला द्यायच्या तिला पुन्हा पत्रिकाच धाडायलाव."

अण्णांनी टोपी काढली, आत पाहिलं, पुन्हा घातली. "बाई," ते म्हणाले, "उद्या बिदरची पहिली बस किती वाजता हाय?"

अण्णा-वहिनींबरोबर मलाही जावं लागलं. "फोन उघडाया कुणीतरी जाणतं पायजे," म्हणे. बिदरला बस बदलताना अण्णांनी वाटीवरचा रुमाल सोडून अक्षता चार वेळा पाहिल्या.

गोदाक्का अंगणात मिरच्या निवडत होत्या. आम्हाला पाहून हात थांबला, पण 'या' म्हणाल्या नाहीत. अण्णा वाटी धरून उभे राहिले. इतक्या घरी इतक्या वेळा म्हटलेलं वाक्य त्यांना आठवेना.

"आक्का, यावं लागतंय."

"कुठं?"

"माहेराला."

गोदाक्कांनी त्यांच्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं. मग म्हणाल्या, "मारत्या, टोपी वाकडी झालीय तुझी. बस."

वहिनींनी कुंकू लावलं. अण्णांनी अक्षता दिल्या, त्यातल्या निम्म्या मिरच्यांत सांडल्या. मी कामाला लागले. "आक्का, तुमचा फोन द्या. आलेल्या मेसेजवर नुसतं बोट लावायचं."

गोदाक्कांनी कमरेची पिशवी सोडून फोन माझ्या हातात दिला. बटणांचा होता. वीतभर टॉर्च आणि बोटभर पडदा.

मी प्रत्येक कामाची यादी करणारी बाई, पण तिच्याकडे फोन कोणता, हा प्रश्न माझ्या यादीत नव्हता. त्या पडद्यावर अण्णांच्या सगळ्या लिंका एकाखाली एक होत्या. पहिल्यापासूनच्या.

"काय असतंय ह्यात?" गोदाक्का म्हणाल्या. "नुसतं इंग्रजी, लांबच्या लांब. नंबर मारत्याचा. म्हणून पुसले न्हाई."

अण्णांनी आपला फोन काढला आणि 'माहेर' उघडून तिच्या हातात दिला. मग बोलणं थांबेना. "चिंचेची खालची फांदी कामून तोडलास रे? माझा झोका व्हता तिला." "वीज पडली आक्का." "विहिरीला पानी हाय की. पायऱ्या कोन झाडतंय?" "मीच." आईच्या तसबिरीशी आल्यावर त्या पुढे जाईनात. बोट लावलं की फोटो सरकायचा, सरकला की त्या घाबरून मागे आणायच्या. परतीच्या बसची वेळ झाली तरी त्या तिथेच होत्या.

अण्णांनी पिशवीतून चार्जर काढला आणि तिच्यापाशी ठेवला. "राहू दे. आरामात बघ."

आता अण्णांकडे फोन नाही. पण दुसऱ्याच दिवशी माझ्या फोनवर 'माहेर'मध्ये त्यांच्या नावाने नवे फोटो यायला लागले: मिरच्या, शेजारणीचं अर्धं तोंड, शेळीचा एक कान. शेजारच्या कुणा पोरानं आक्कांना शिकवलं असणार. मी आनंदाने कुंपणावरून हाक मारली, तर अण्णा अंगणातून हलेनात.

"त्यांना बलवलंय कुठं कुणी?" आतून वहिनींचा आवाज आला, हसू दाबलेला.

मग मी इरकल नेसले, वाटीत अक्षता घेतल्या, आणि वीस पावलांवरच्या त्यांच्या घरी रीतसर गेले. "अण्णा, आल्बमला यावं. सहकुटुंब."

अण्णांनी अक्षता घेतल्या, खिशात जपून ठेवल्या आणि चष्मा पुसून माझा फोन हातात घेतला. पहिलाच फोटो वाया गेलेला होता. भिंगावर बोट आलेलं, सगळा पडदा तांबूस, कोपऱ्यात अंगठ्याचं नख. हा काढून टाकायला हवा, असं माझ्या अगदी ओठांवर आलं.

अण्णांनी तो दोन बोटांनी मोठा केला आणि बराच वेळ पाहिला.

"आक्काचं नख बघा बाई," ते म्हणाले. "आईचंच हाय."