भाळवणचा उसना वारा

१९८३ सालच्या फाल्गुनात, ज्वारीच्या मळण्या चालू असताना, भाळवणच्या इब्राहीम नदाफने सोनखडीच्या सुभेदार रंगराव चिवट्यांना उसना दिलेला वारा परत मागितला.

मागणं रास्त होतं. दोघेही आपापल्या गावच्या बंदूक-संघाचे कप्तान. त्यांची ढालीची स्पर्धा जुनी, आणि ती ज्या चांदमारीच्या माळावर होते त्या माळाला स्वतःचा वारा नाही. हजार यार्डांवरच्या लक्ष्याला गोळी लावायची तर वारा ओळखता आला पाहिजे. वाराच नसला तर कोणीही सोम्यागोम्या ढाल उचलून नेईल. म्हणून दस्तूर असा, की दोन्ही संघांनी आपापला वारा बरोबर आणायचा.

गेल्या फाल्गुनात सोनखडीचा वारा ऐन सामन्याच्या सकाळी पडला. नदाफने आपल्यातला अर्धा काढून दिला. "घ्या सुभेदार. पुढच्या सामन्याआधी द्या." त्याच वाऱ्यावर सोनखडीने भाळवणला एका गुणाने हरवलं आणि ढालीवर नाव कोरून घेतलं.

रंगरावांची नियत वाईट नव्हती. पलटणीत त्यांनी कधी कोणाची काडेपेटीसुद्धा ठेवून घेतली नाही. पण घरी आणलेला वारा त्यांनी परसात मोकळा सोडला, ही चूक झाली. खळ्यावर वाऱ्यावाचून उफणणीची खोटी झाली होती. त्यांची बायको कोंडाबाई तिवईवर चढली, भरलं सूप डोक्यावर धरलं आणि म्हणाली, "ये रं माझ्या सोन्या." वारा आला. मग शेजारणीही बोलावू लागल्या. वर्षभरात तो पार सुपाचा झाला.

सामन्याच्या दिवशी तो सोनखडीच्या ट्रकमागून चालत आला आणि माळावर पोचताच बाभळीखाली आडवा झाला. नियम कडक होता. पहिली गोळी सुटण्याआधी, जिथे घेतला तिथेच, ज्याने घेतला त्याच्याच हातून वारा परत झाला पाहिजे. नाहीतर ढालीवरचं नाव खरवडून काढायचं. ढालीशेजारी तांबट कानस घेऊन बसलाच होता.

"वारा हजर आहे?" पंच गुरव मास्तरांनी विचारलं.

"हाय." रंगराव बाभळीकडे वळले. छातीवर पदकं होती. "सावधान! पुढं चल!"

माळावरची वारा दाखवणारी निशाणं ओल्या धोतरासारखी लोंबत राहिली.

"आगे बढ!" रंगराव ओरडले. बाभळीचं एक पान हललं आणि थांबलं.

"सुभेदार, आमच्याकडं हाक मारली की यायचा," नदाफ म्हणाला. "तुम्ही त्याला खायला घातलं तरी काय?"

"भुस्कट!" मागून भाळवणचा कोणीतरी म्हणाला. हशा पिकला.

"तुमचा मूळचाच अडेल," रंगराव म्हणाले. "म्हणूनच अर्धा देऊन टाकलात."

संघासाठी भाकरी घेऊन आलेली कोंडाबाई पुढे झाली. "अवं, आरडल्यावर तो येत न्हाई. मी बोलावते."

"ज्यानं घेतला त्यानंच," गुरव मास्तर म्हणाले.

"मग सूप घ्या," कोंडाबाई नवऱ्याला म्हणाली.

"मी? सूप?"

"चावत न्हाई ते."

"एकाहत्तरला मी खंदकात..."

"तिथं वारा परत करायचा नव्हता."

मास्तरांनी घड्याळ पाहिलं आणि तांबटाला खूण केली. कानस एकदा फिरली. सोनखडीची मात्रा गेली.

तो आवाज रंगरावांच्या दातांत शिरला. हे नाव कोरताना ते ढालीपाशी दिवसभर उभे राहिले होते, पाणीसुद्धा प्यायले नव्हते.

"थांबव," ते म्हणाले.

तिवई, सूप आणि पायलीभर न उफणलेली ज्वारी कोंडाबाईने सकाळीच ट्रकमध्ये टाकली होती. नवऱ्याला ती ओळखून होती. रंगराव तिवईवर चढले. भरलं सूप वर धरलं. पदकं वाजली.

"ये."

काही नाही.

"ये म्हणतो ना!"

"असं तुम्ही मला बोलावता," कोंडाबाई खालून म्हणाली. "वारा काय तुमची बायकू न्हाई."

रंगरावांनी तिच्याकडे रागाने पाहिलं, मग ढालीकडे, मग बाभळीकडे. आयुष्यात त्यांनी हुकूम ऐकले होते आणि दिले होते. पोटच्या पोरालाही ते नावानेच हाक मारीत.

"ये रं," ते पुटपुटले. घसा खाकरला. मग चारचौघांत, मोठ्याने म्हणाले, "ये रं माझ्या सोन्या. ये लेकरा."

बाभूळ सळसळली. वारा उठला, तिवईला एक वळसा घालून सुपाखाली आला. ज्वारी सरळ खाली पडली आणि भुस्कट उडालं. पहिलं निशाण फडकलं, मग दुसरं, मग थेट हजार यार्डांपर्यंतची सगळी. भाळवणचे निळे कोट पिवळे झाले.

नदाफने बोट ओलं करून वर धरलं.

"अर्धाच हाय न्हवं?" रंगरावांनी विचारलं.

"अर्धाच. पुरता अर्धा. पण भुस्कट आमचं न्हाई."

रंगराव तिवईवरून उतरले. नदाफच्या कोटावरचं भुस्कट त्यांनी वेचलं, काडी न् काडी, आणि सुपात टाकलं. कॉलरीखाली एक काडी राहिली होती, तीही काढली.

"पोचला," नदाफ म्हणाला.