एका असिस्टचा ताळा

कुणाबद्दल लिहायचं तर आधी नीट लिहिता यायला हवं. मी अमेरिकेत आले तेव्हा पाचवीत होते, म्हणजे माझं शाळेतलं मराठी तिथेच थांबलं. पुढचं आईच्या बोलण्यातून आणि घरातल्या चार-पाच पुस्तकांतून आलं. आई इथल्या ग्रोसरी स्टोअरच्या किचनमध्ये पोळ्या लाटते, बाबा डिलिव्हरी करतात. कॉलेजात गेलेली घरातली मी पहिलीच, म्हणून मला सगळं येतं असं दोघांना वाटतं. तसं काही नाही. तरी खोडकेकाकांबद्दल लिहायचं धाडस करते आहे, त्याची माफी आधीच मागते.

खोडकेकाका प्रत्येक गोष्टीचा ताळा घेतात. आमच्या टेक्ससमधल्या अर्विंगच्या मंडळाच्या गणपतीत त्यांनी एकदा आरती थांबवली होती. हातात माइक घेऊन म्हणाले, "केलेले मोदक, वाटलेले मोदक आणि उरलेले मोदक जुळून नाही राह्यले. तीन मोदक बाहेर आहेत."

सेक्रेटरी काकुळतीला आले. "काका, आता आरती सुरू करू ना?"

"करा. पण तीन मोदक बाहेर आहेत, हे ध्यानात ठेवून करा."

अमरावतीत काका शाळेत मास्तर होते आणि सुट्टीच्या दिवशी क्रिकेटच्या सामन्यांचे स्कोअरर. स्कोअररचं म्हणे असं असतं की बॉलरच्या रकान्याची बेरीज आणि बॅट्समनच्या रकान्याची बेरीज शेवटी एकमेकींना भेटलीच पाहिजे. नाही भेटली तर घरी जायचं नाही. काकू गेल्यावर मुलगा निखिलदादा त्यांना इकडे घेऊन आला. निखिलदादा आणि वहिनी सकाळी आठला जातात, सातला येतात. मधले अकरा तास काका आमच्या अपार्टमेंटच्या लाँड्री रूमबाहेरच्या बाकावर बसतात. तिथेच त्यांना रामराव भेटले.

रामराव म्हणजे रामिरो, वरच्या मजल्यावर एकटे राहणारे इक्वेडोरचे आजोबा. काका मराठी आणि मास्तरी इंग्रजी बोलतात, रामराव स्पॅनिश आणि अडखळत इंग्रजी. तरी दोघांचं रोज भांडण होतं, म्हणजे संवाद व्यवस्थित चालला आहे. रामराव काकांना 'सेन्योर ताळा' म्हणतात.

एके दिवशी रामरावांनी वर्तमानपत्राचं एक पिवळं कात्रण आणलं. ते तरुण असताना शेजारशेजारच्या देशांच्या बेसबॉल संघांची एक स्पर्धा झाली होती. त्या भागात अशा स्पर्धा तेव्हा नव्याच होत्या. शेवटच्या सामन्यात समोर पेरू होता, नववी म्हणजे शेवटची इनिंग चालू होती. रामरावांनी चेंडू उचलून फर्स्ट बेसवर फेकला, तिथल्या खेळाडूच्या हातून तो सुटला, पेरूची विजयाची धाव निघाली. वर्तमानपत्रात चूक मात्र लागली रामरावांच्या नावावर. फेक वाईट होती म्हणे. गावात पोरं मागून ओरडायची. संघातल्या खेळाडूंची नावं गावच्या बेसबॉल क्लबच्या भिंतीवर कोरली, त्यात यांचं घातलं नाही. ते टेक्ससला निघून आले ते परत गेलेच नाहीत. बहीण लुसिया अजून बोलावते. हे म्हणतात, नाव लागेल तेव्हा येईन.

"मी फेक सरळ," रामराव छातीवर हात ठेवून म्हणाले. "सरळ, सेन्योर."

काकांनी सहानुभूती वगैरे काही दाखवली नाही. चष्मा लावला आणि कात्रणातले आकडे कागदावर उतरवून घेतले. दोन दिवस बाकावर आलेच नाहीत. तिसऱ्या दिवशी मला हाक आली. "काय वं पोरी, तुला स्पॅनिश येते ना?"

"कॉलेजमध्ये दोन सेमिस्टर शिकले, काका."

"पुरे झाली. बस."

त्यांनी मला समजावलं ते असं. बेसबॉलमध्ये चेंडू नीट फेकणाऱ्याच्या नावावर एक 'असिस्ट' लिहितात. पुढच्यानं तो सोडला तरी लिहितात, कारण याचं काम यानं केलं. कात्रणात एकेका खेळाडूचे असिस्ट मिळवले तर होत होते चौदा. खाली संघाची एकूण बेरीज छापली होती पंधरा.

"एक असिस्ट बाहेर आहे," काका म्हणाले. त्यांचा आवाज मोदकांच्या वेळी होता तसाच होता. "स्कोअररनं आधी याला असिस्टच दिला होता. मग कोणीतरी वरचं बदललं, आणि खालची बेरीज बदलायची राहिली. चोर नेहमी बेरजेत सापडते."

"पण कोण बदलेल?"

काकांनी रामरावांकडे पाहिलं. "फर्स्ट बेसवर कोण होतं?"

रामराव हळूच म्हणाले, "कॅप्टन. हिज वाइफ... ब्रदर."

"कॅप्टनचा मेहुणा!" काका बाकावरून उठलेच. "तिकडेही मेहुणेच!"

मग पत्रं सुरू झाली. काका सांगायचे, मी शब्दकोश उघडून स्पॅनिशमध्ये क्लबला ईमेल लिहायचे. पहिलं उत्तर गोड होतं: आपल्या आस्थेबद्दल आभार, पण इतकी जुनी गोष्ट आता असू द्यावी. काका म्हणाले, "असू द्यावी म्हणे! लिही, असू देणार नाही." दुसऱ्या उत्तरात विचारलं होतं, तुम्ही त्यांचे कोण? मी 'मित्र' लिहायला लागले. काकांनी थांबवलं. "मित्र पक्षपाती असते. लिही, स्कोअरर."

निखिलदादा वैतागला. "बाबा, छापायची मिस्टेक असेल. सोडून द्या ना यार. आपला देशसुद्धा नाही तो."

"चूक कोणत्या देशाची असते बे? छापखान्याची असेल तर स्कोअररची मूळ वही दाखवा म्हणा. वही दाखवा, मी माफी मागतो."

प्रत्येक पत्राच्या शेवटी तेच वाक्य: मूळ वही दाखवा. सात पत्रं गेली. पाचव्यानंतर उत्तरं बंद झाली. मला लाज वाटायला लागली होती, खरं सांगते. मी म्हटलं, काका, ते लोक आपल्याला वेडे समजत असतील. काका म्हणाले, "समजू दे. वेड्याची बेरीज बरोबर असली की शहाण्यांना फार त्रास होते."

बुधवारी दोन क्लासच्या मध्ये मी फोन पाहिला. क्लबचं उत्तर होतं. मी वाचलं आणि पुढचा क्लास सोडून घरी आले. काका बाकावर एकटेच होते. मी काही बोलायच्या आत त्यांनी हात वर केला.

"मला नको सांगू. पत्र त्याचं आहे." पण माझं तोंड बघून त्यांना कळलंच असावं. ते उठले, सदऱ्याची वरची गुंडी लावली आणि जिन्याकडे निघाले.

जिन्यात मला राहवलं नाही. या सगळ्या पत्रांमध्ये ही गोष्ट माझ्या मनात कधी आलीच नव्हती. "काका, नाव लागलं तर ते तिकडे जातील. मग तुम्ही..."

"मला वजाबाकी येते वं," काका म्हणाले. "पहिल्या पत्रालाच केली होती."

मग कठडा धरून थोडे थांबले. म्हणाले, "उद्या वाचलं तरी चालते, असं एकदा मनात आलं आता. खोटं नाही बोलत." आणि उरलेल्या पायऱ्या चढून त्यांनी रामरावांचं दार मुठीनं ठोकलं, शेजारच्या दोन दारांतून लोक डोकावतील इतक्या जोरात.

रामराव दारात आले. बनियनवर होते, हातात चमचा होता.

"वाच," काका मला म्हणाले. "मोठ्यानं वाच. त्याला कमी ऐकू येते. आणि मग मराठीत सांग."

मी वाचलं. मग मराठीत असं सांगितलं:

"आमच्या जुन्या स्कोअररच्या मुलीकडे मूळ वही मिळाली. नवव्या इनिंगमध्ये असिस्ट रामिरोच्या नावावर आहे. चूक फर्स्ट बेसवाल्याची आहे. इतकी वर्षं आम्ही वही उघडली नाही, याची क्षमा असावी. भिंतीवर नाव कोरून झालं आहे. काल सेन्योरा लुसिया येऊन पाहून गेल्या. त्यांनी भावाला एवढंच कळवायला सांगितलं आहे की खोली झाडून ठेवली आहे."