साळोजीचा जाहीर सत्कार

मुलांनो, एका जंगलात साळोजी नावाचं एक साळिंदर राहायचं. त्याला नट व्हायचं होतं. हसू नका, तुमच्यापैकीही कुणाला तरी व्हायचं असेल.

सिंहाच्या चित्रपट कंपनीत त्याला काम मिळे, पण नेहमी झुडपाचं. काटे अंगचेच, त्यामुळे रंगभूषेचा खर्च वाचे. सिंह त्या झुडपामागून उडी मारी आणि टाळ्या घेई.

शेवटी साळोजी वैतागला. बायकोला म्हणाला, "साळू, आता मीच चित्रपट काढतो. निर्माता मी, नायकही मी."

"काढा," साळू म्हणाली. "जेवायला किती जण असतील ते मात्र आधी सांगा."

बिळात साठवलेले सगळे कंद युनिटने फस्त केले, तेव्हा कुठे चित्रपट पूर्ण झाला. गोष्ट साधी होती. एक म्हातारं साळिंदर असतं आणि त्याच्याशी कुणी बोलत नाही. साळोजीने जीव ओतून काम केलं होतं. आपल्या जंगलाने एकदा तरी आपला चेहरा नीट बघावा, एवढंच त्याला हवं होतं.

वडाखालच्या पडद्यावर संध्याकाळी सिंहाचा चित्रपट चालू होता. साळोजीला भर दुपारची वेळ मिळाली. फक्त एक म्हैस आली. ती सावलीला आली होती.

घरी परतताना वाटेत सांस्कृतिक मंडळाचे अध्यक्ष तरसराव भेटले. "वेगळा प्रयत्न आहे म्हणे," ते म्हणाले. "पास असतील तर द्या दोन." साळोजीने दिले. तरसरावांनी ते जपून ठेवले.

पुढे नदीपलीकडच्या जंगलाने चित्रपटाला मोठं बक्षीस दिलं. लगेच इकडे मंडळाने जाहीर सत्कार ठेवला. अख्खं जंगल लोटलं. साळोजीच्या अंगावर शाल घातली, तर तिची चाळणच झाली. पण फोटो चांगला आला.

"यांच्या चित्रपटातली गाणी तर आज बिळाबिळांत पोचली आहेत!" तरसराव म्हणाले. चित्रपटात गाणी नव्हती. "आता साळोजी दोन शब्द बोलतील."

साळोजी उभा राहिला. "बोलत नाही," तो म्हणाला. "चित्रपट सोबत आणलाय, पडदाही आहे. आत्ताच बघता का सगळे?"

मागे कुणीतरी खोकलं.

"अवश्य पाहिला असता," तरसराव म्हणाले, "पण वेळेअभावी तो कार्यक्रम रद्द करत आहोत. भोजन तयार आहे. साळोजी, तुम्ही पुढचा चित्रपट काढा फक्त. त्याचाही सत्कार करू!"

मैदान रिकामं झालं. साळोजीला रडू आलं, मुलांनो. खरंच आलं.

"लावा तो," पडद्यासमोर बसत साळू म्हणाली.

"तू तर पाहिलायस ना?"

"कधी? मी तुमच्या युनिटचा स्वयंपाक करत होते."

त्याने चित्रपट लावला. ती एकदाही जागची उठली नाही. संपल्यावर डोळे पुसून म्हणाली, "काम छान केलंत हो. जरा लांबलाय पण."

तात्पर्य : गुणी कलावंताचा सत्कार करायला मुळीच उशीर लावू नये. सत्कार उरकला की त्याचं काम बघावं लागत नाही.