शिंप्याच्या हातची सुई

या एका इंजेक्शनातून शिंप्याला मिळवायचं होतं ते श्रेय. मूल व्हावं म्हणून चाललेल्या उपचारात आजवरच्या सगळ्या सुया बायकोने टोचून घेतल्या होत्या. त्याच्या खात्यावर जमा होतं ते दवाखान्याबाहेर स्कूटर धरून उभं राहणं. आज दवाखाना बंद, म्हणून नर्सने औषधाचं पेन आणि दोन सुया कालच घरी दिल्या होत्या. शिंप्याने छाती पुढे काढली.

“मी देतो. कोट शिवणाऱ्याला सुई काय शिकवायची?”

“आठ म्हणजे आठलाच हं. वेळ चुकली तर एवढे दिवस सोसलेलं पाण्यात,” बायको म्हणाली. “आणि आईंना पत्ता लागता कामा नये. त्यांना कळलं की गल्लीला कळलं.”

खोलीचं दार लागलं. बेंबीपासून दोन बोटं सोडून टोचायचं, असं नर्सने सांगितलं होतं. शिंप्याने टेप लावून माप घेतलं आणि खडूने फुली मारली.

“अहो, मी कापड आहे का?”

“कापड परवडलं. बोलत नाही.”

आता खडू पुसायला दोन्ही हात मोकळे हवेत, म्हणून जन्माच्या सवयीने त्याने उघडलेली सुई ओठांत धरली.

“गेली ती,” बायको म्हणाली. “उष्टी सुई टोचणार मला?”

दुसरी त्याने फार जपून उघडली, आणि पेन उचलताना तितक्याच जपून मनगटावरच्या टाचण्यांच्या गादीत खोचली. त्या गादीतल्या टाचण्यांनी सकाळपासून अख्ख्या गल्लीच्या पँटी टोचून झाल्या होत्या.

आठ वाजत आले होते. घरात आता इंजेक्शनच्या सुया होत्या त्या फक्त आईच्या इन्शुलिनच्या डब्यात.

“जा, मागून आणा.”

“काय सांगू?”

“काहीही सांगा.”

शिंपी बाहेर गेला. “आई, तुझी एक नवी सुई दे ना. कोटाचं काम जरा नाजूक आहे.”

“कोटाला बाळ होणार आहे का?” आईने विचारलं. “फ्रिजमध्ये माझ्या पेनाशेजारी दुसरं पेन ठेवता. मला साखर आहे रे, मोतीबिंदू नाही.”

ती डबाच घेऊन आत आली. बायकोने नर्सला फोन लावून विचारलं. हीच सुई बसते, नवी असली की झालं, असं उत्तर आलं. शिंप्याने पेन हातात घेतलं आणि पुन्हा टेप शोधायला लागला.

“द्या इकडे,” बायको म्हणाली. जागा पुन्हा पुसली, सुई बसवली, टोचली, मनात आकडे मोजून काढली. आठ वाजले होते.

सासू बघतच राहिली. “मी पहिल्यांदा घेतलं तेव्हा घर डोक्यावर घेतलं होतं. हिची पापणी हलली नाही.”

दुसऱ्या दिवशी सकाळी दुकानात पहिलं गिऱ्हाईक यायच्या आत आई खुर्ची टाकून बसली होती. “माझी सून बाळासाठीची सुई स्वतः घेते,” येईल त्याला ती सांगत होती. बायको आत टोमण्यांची वाट बघत बसली. दुपारी एक बाई परकराचं माप द्यायला आली, माप विसरून आत शिरली आणि हळूच म्हणाली, “डॉक्टर कोण हो तुमचे? आमचंही तेच चाललंय. घरात कुणाला सांगितलं नाही.” संध्याकाळी तिच्यामागून आणखी दोघी आल्या.

हिशेब लागला तो असा: सुई सासूची, हात सुनेचा, आणि भरपाई शिंप्याच्या तोऱ्यातून. आता बाया त्याला ओलांडून ‘वहिनी आहेत का?’ विचारतात, आणि तो मान ताठ करून सांगतो, “आहे. इंजेक्शन घेतेय, स्वतःच्या हाताने. बसा जरा.”