वानखडे सरांचा हजेरीपट

आमच्या शेजारचे वानखडे सर दर रविवारी संध्याकाळी सहा वाजता टीव्हीपुढे शाळेचा हजेरीपट उघडून बसतात आणि एका कार्टूनची हजेरी घेतात. कार्टून पाहतात असं मी म्हणत नाही. हजेरी घेतात.

हे मला पहिल्यांदा भिंतीपलीकडून कळलं. अमरावतीच्या राजापेठेत त्यांचं आणि आमचं घर यांच्यामध्ये एकच भिंत आहे. आम्ही नवीन राहायला गेलो त्या रविवारी पलीकडून आवाज आला, "बकरी?" थोडी शांतता. मग समाधानानं, "हजर." बायको म्हणाली, "यांनी बकरी पाळली वाटतं." पुढच्या रविवारी "आजी?" आणि बऱ्याच वेळानं "गैरहजर!" असं ऐकू आलं, तेव्हा तिनंच मला चौकशीला पाठवलं.

सर नांदगाव खंडेश्वरकडच्या एका शाळेतून मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालेले. पत्नी वारल्याला बरीच वर्षं झाली, मूलबाळ नाही. घरात कपाट एक, खुर्च्या दोन, हजेरीपट सोळा. वर्षाला एक.

कार्टून परदेशी, हिंदीत आणलेलं. एका आडबाजूच्या स्टेशनात स्टेशनमास्तर आहे. तिथं कोणतीही गाडी थांबत नाही, पण प्रत्येक गाडी जाताना त्याची टोपी उडवून नेते. त्याची म्हातारी आई, सगळ्यांची आजी, कोपऱ्यात डुलक्या घेते आणि पंधरा मिनिटांपूर्वी विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर भलत्या वेळी देते. घरातली बकरी नेमका महत्त्वाचा कागद खाते. शेजारी येऊन म्हणतो, "भाईसाहब, ज़रा सीढ़ी मिलेगी?" शिडी नेतो ती आणत नाही, आणि पुढच्या भागात शिडी पुन्हा भिंतीला टेकलेली असते. सरांच्या हजेरीपटावर विद्यार्थ्यांच्या जागी ही नावं आहेत: टोपी, आजी, बकरी, शिडी. पुढे तारखांचे रकाने.

"हे कशासाठी, सर?" मी विचारलं.

"कशासाठी म्हंजे? चाळीस पोरं रोज सांभाळले. चार नाही सांभाळता येत काय? नोंद घ्या, बकरी मागच्या महिन्यात दोनदा गैरहजर होती. कारन देल्लं नाही."

स्टेशनमास्तरच्या मुलाचा त्यांना विशेष राग. तो पहिल्या दिवसापासून चौथीत आहे. "सोळा वर्षं झाले, भाऊ! मी असतो तर बापाले शाळेत बोलावलं असतं." आणि घर? घर तीनदा जळालं, एकदा पुरात गेलं. पुढच्या रविवारी भिंतीवरचा फोटोसुद्धा जागच्या जागी. "नवरा-बायको तर असे भांडतात का आता पाहाचंच नाही एकमेकाले. आन् पुढच्या भागात चहा पिऊन राहिले! या लोकायले कायची आठवनच राहत नाही."

तेच तेच विनोद पाहून कंटाळा येत नाही का, असं मी एकदा विचारलं. त्यावर त्यांनी सिद्धांत मांडला. "विनोद पहिल्यांदा आला का पाहुना. पाचव्यांदा आला का कटकट. वीसदा आला का घरचा. आता घरच्याले पाहून कोनी खो खो हसते काय? पन नाही आला तर जेवन जात नाही."

मी स्वतः आकड्यांच्या खात्यात नोकरी करतो, त्यामुळे सिद्धांत ऐकला की तपासावासा वाटतो. चार रविवार त्यांच्या शेजारी बसून मोजलं. नव्या विनोदांवर सर एकदाही हसले नाहीत. जुन्यांवर हसले, पण विनोद घडायच्या आधी. गाडीची शिट्टी दूरवर वाजली की सरांचा हात आपोआप स्वतःच्या डोक्यावर जाई.

पुढे माझी बदली अकोल्याला झाली. आधी रोजचं अपडाऊन करून पाहिलं. एकोणीस दिवसांत चार वेळा उशीर. मग खोली शोधायला लागलो. सरांना कळलं तेव्हा ते म्हणाले, "एक घर आहे माहितीतलं. शकुंतलाबाई म्हनून हायेत. वरची खोली रिकामी असते." दारापर्यंत पोचवायला आले आणि हळूच म्हणाले, "मायं नाव सांगू नका."

नाव मी सांगितलं नाही. पण पहिल्याच आठवड्यात शकुंतलाबाई वांगी चिरत होत्या, टीव्हीवर त्याच कार्टूनचा जुना भाग चालू होता, आणि मी सहज म्हणालो, "आमच्या अमरावतीच्या शेजाऱ्यांनी मोजलंय, ही शिडी आतापर्यंत तीनशे अकरा वेळा नेली."

बाईंनी मान वर केली नाही. "तीनशे बारा," म्हणाल्या.

मी शुक्रवारी घरी आलो आणि सरांना हे सांगितलं. ते सोळाही हजेरीपट घेऊन बसले. तासाभरानं भिंतीवर टकटक. "फरक सापडला. एक भाग जुनेच दृश्यं जोडून केला होता. त्यातली शिडी बाईनं धरली. त्यायले सांगा, आठवन म्हंजे हजेरी नाही! पोराची आठवन काढली म्हनून पोरगं वर्गात आलं असं होते काय?"

सोमवारी मी निरोप दिला. शकुंतलाबाई म्हणाल्या, "तुमच्या शेजाऱ्याले म्हना, आठवन आली म्हंजे आलंच ना मानूस. मास्तरकी शिकवू नका म्हना."

मास्तर आहेत हे मी सांगितलं नव्हतं.

त्या सरांच्या थोरल्या बहीण. हे त्यांनीच दुसऱ्या महिन्यात सांगितलं, तेही चहात साखर किती विचारावं इतक्या सहज. त्यांचा मुलगा अकरावी-बारावीला राजापेठेत क्लास लावून मामाकडे राहिला होता. पोराच्या जेवणाचे हाल नकोत म्हणून बाईही दोन वर्षं तिथंच. रविवारी संध्याकाळी अभ्यासाला सुट्टी, आणि तिघं मिळून हे कार्टून पाहत. हजेरीपट तेव्हाचा. बाई परत अकोल्याला आल्या, तरी कॅलेंडरवर दुधाच्या खाड्यांशेजारी शिडी-बकरीच्या रेघा मारत राहिल्या.

मग त्या मुलाचं लग्न ठरलं आणि पत्रिका छापली. पत्रिकेत बेचाळीस नावं होती. सख्ख्या मामाचं नव्हतं.

"तपासाले त्यालेच देल्ली होती," बाई म्हणाल्या. "अकरा नावायचे ऱ्हस्व-दीर्घ दुरुस्त करून पाठवले त्यानं. मले वाटलं, त्यानं पाह्यलं म्हंजे झालं. आता सवताचंच नाव नाही दिसलं त्याले?"

सरांना मी हे आडून विचारलं. ते बराच वेळ चष्मा पुसत राहिले. "दिसलं होतं. पन आपलं नाव आपन टाकाचं काय? म्हटलं, कोनाच्या तरी ध्यानात येईन."

कोणाच्याही ध्यानात आलं नाही. सर लग्नाला गेले नाहीत. त्याला सहा वर्षं झाली. फोन दोघांकडे आहेत. प्रश्न एवढाच की आधी कोणी करायचा.

आता मात्र दर सोमवारी माझ्या खिशात सरांची चिठ्ठी असे. वर नाव नाही, खाली सही नाही. "काल: टोपी एक, आजी एक, बकरी दोन, शिडी नाही." आणि शुक्रवारी त्याच चिठ्ठीच्या पाठीवर बाईंचं उत्तर: "आजी दोन. दुसऱ्यांदा दाराआडून बोलली. कान तपासून घ्या." सर ते वाचून तणतणत. "दाराआडून! म्हंजे मले ऐकू येत नाही म्हनते!" आणि चिठ्ठी हजेरीपटात ठेवून देत.

एक गोष्ट मला खटकत होती. पहिल्या बाराच्या बारा चिठ्ठ्या चुकीच्या निघाल्या. ज्या माणसानं अकरा नावांचे ऱ्हस्व-दीर्घ पकडले, त्याच्या चार आकड्यांच्या चिठ्ठीत दर वेळी चूक? वय झालं, असं मी मनाशी ठरवलं आणि मला वाईट वाटलं.

चौदा महिने असे गेले. मग एका रविवारी मी सरांकडेच बसून भाग पाहिला. बकरीनं दोन कागद खाल्ले, एक वेळापत्रक आणि एक लग्नाचं आमंत्रण. सरांनी हजेरीपटात दोन लिहिलं, मी पाहिलं. सकाळी हातात दिलेल्या चिठ्ठीत मात्र "बकरी एक" होतं. उतरवताना चूक झाली असणार. बस बडनेऱ्याच्या पुढे गेल्यावर मी पेन काढलं आणि एकचा दोन केला. चुकीचा आकडा आपल्या हातून पुढे जाऊ द्यायचा नाही, हे मी नोकरीत तेवीस वर्षं पाळलं आहे.

शकुंतलाबाईंनी चिठ्ठी वाचली. पुन्हा वाचली. "बरोबर आहे," म्हणाल्या आणि घडी घालून ठेवली. शुक्रवारपर्यंत त्यांनी उत्तर दिलं नाही. मला वाटलं, काम चोख झालं.

शुक्रवारी घरी पोचलो तर सर फाटकातच उभे होते. "काय म्हने?"

"बरोबर आहे म्हणाल्या."

"आन्?"

"आणि काही नाही."

सरांनी माझ्याकडे पाहिलं. मी आयुष्यात कधी त्यांच्या वर्गात नव्हतो, पण त्या क्षणी होतो. "आकडा तुमी बदलला?"

"सर, चूक होती. हजेरीपटात दोन होतं, चिठ्ठीत एक."

"चूक होती ते मले मालूम नाही काय?" त्यांचा आवाज चढला आणि लगेच खाली आला. "बरोबर आकड्याले कोनी उत्तर देते काय, भाऊ?"

चौदा महिने मी एका माणसाच्या म्हातारपणाची कीव करत होतो, आणि तो दर रविवारी विचार करकरून एक चूक निवडत होता.

त्या रविवारी भिंतीपलीकडून हजेरी ऐकू आली नाही. सोमवारी सकाळी मी दार वाजवलं. "चिठ्ठी, सर?"

"राहू द्या आता. त्यायनं मिटवलं."

"त्यांनी नाही, मी..."

"तेच ते."

त्या दिवशी मी अकोल्याला रिकाम्या खिशानं उतरलो. शकुंतलाबाई ओट्यावर बसल्या होत्या. माझी पिशवी खाली ठेवायच्या आत त्यांनी हात पुढे केला.

"आज चिठ्ठी नाही," मी म्हणालो.

त्यांचा हात तसाच राहिला. "बरोबर आकडा आला तवाच माया मनात पाल चुकचुकली. पुंडलिकची तब्येत बरी आहे ना?"

चौदा महिन्यांत त्यांच्या तोंडून भावाचं नाव पहिल्यांदा ऐकलं.

"तब्येत ठणठणीत आहे. पण बरोबर आकड्यानं तुम्ही..."

"अवो, तो चुकनारा मानूस नाही. लहानपनी जेवताना बापाच्या भाकरी मोजे. तो चुकून राहिला म्हंजे समजाचं, बरा आहे. एकदम बरोबर लिहिलं तर मले वाटलं, अंथरुनात पडला, का दुसऱ्या कोनाकून लिहून घेतलं. आठ दिवस जीव थाऱ्यावर नाही माया."

मी सगळं कबूल केलं. पेन कुठे काढलं तेही सांगितलं.

"तुमाले कोनं सांगतलं होतं शहानपन कराले?" त्या कडाडल्या. "दोघं म्हातारे नीट चुकून राहिले होते, तर मधात हे आले हिशोबनीस!" मग डोळ्यांना पदर लावला आणि त्याच दमात म्हणाल्या, "हात धुवा. भाकर थंडी होऊन राहिली."

शुक्रवारी निघताना त्यांनी स्वतःहून चिठ्ठी दिली. कोणाच्या चिठ्ठीच्या पाठीवर नव्हे, कोऱ्या कागदावर. एकच ओळ होती: "शिडी आजपर्यंत दोनशे."

सरांचा ताजा आकडा तीनशे छत्तीस. बाईंचा तीनशे सदतीस असायला हवा. भिंतीवरचं कॅलेंडर मी पाहिलं होतं. परतीच्या बसमध्ये पेन खिशात होतं. मी त्याला हात लावला नाही. सोपं नव्हतं.

सरांनी चिठ्ठी उंबऱ्यावरच वाचली. ओठ हलले, वजाबाकी चालली होती. "एकशे छत्तीसचा फरक," ते म्हणाले.

"हो, सर."

"दोन-तीनचा असता तर कागदावर भागलं असतं." त्यांनी चिठ्ठी उलटीसुलटी करून पाहिली. "एवढ्या फरकाले प्रत्यक्ष जाऊन तपासनी करा लागते. कितीची बस असते तुमची?"

सोमवारी सकाळी सहाला ते स्टँडवर हजर होते. इस्त्रीचा सदरा, आणि दोन कापडी पिशव्यांत आता सतरा झालेले हजेरीपट. एक पिशवी मी मांडीवर घेतली. बडनेरा गेलं. मूर्तिजापूर आलं. बसमध्ये भजीवाला चढला, उतरला. मग खिडकीकडे तोंड करून त्यांनी विचारलं, "बाईचे गुडघे कसे हायेत?"

"जिना चढवत नाही आता. वरच्या खोलीत येऊन त्यांना वर्ष झालं असेल. खालूनच हाक मारतात."

सर खिडकीकडून माझ्याकडे वळले.

"हे काहून नाही सांगतलं कधी?"

"तुम्ही विचारलं नाही, सर."

त्यांनी मान हलवली. थोड्या वेळानं माझ्या मांडीवरची पिशवी काढून स्वतःच्या मांडीवर घेतली आणि बसचालकाच्या पाठीकडे पाहत, मला नव्हे, कोणालाच नव्हे, म्हणाले, "जरा जोरात घ्या ना, बाप्पा."